भाषेच्या वकिलीतून जन्मलेली पटकथा

जोहान्सबर्गजवळच्या क्रूगर्सडॉर्प या खाणींच्या गावात १६ डिसेंबर १९१६ रोजी एका मूकपटाचा पहिला खेळ झाला. 'द फूर्ट्रेकर्स' हे त्याचे नाव. केप वसाहतीतील ब्रिटिश अमलाला कंटाळून १८३० च्या दशकात बैलगाड्या जोडून उत्तरेकडे निघालेल्या बोअर कुटुंबांची ही कहाणी. तारीख अर्थातच मुद्दाम निवडलेली होती. १८३८ साली याच दिवशी या स्थलांतरितांनी झुलू सैन्याचा पराभव केला होता आणि बोअर समाज तो दिवस एखाद्या व्रतासारखा पाळत आला होता. या चित्रपटाची पटकथा कोणा नाटककाराने वा कादंबरीकाराने लिहिलेली नव्हती. ती लिहिली होती प्रिटोरियाच्या 'द फोल्कस्टेम' या वृत्तपत्राशी निगडित असलेल्या एका पत्रकाराने. गुस्ताव्ह प्रेलर हे त्यांचे नाव.

प्रेलर यांनी अकरा वर्षांपूर्वी, १९०५ मध्ये, याच वृत्तपत्रात एक लेखमाला लिहून खळबळ उडवून दिली होती. बोअर लोक घरीदारी जी भाषा बोलतात तीच त्यांनी लिहावी, शाळेत शिकवावी आणि कारभारात वापरावी, असा त्यांचा आग्रह होता. ही भाषा म्हणजे आफ्रिकान्स. सतराव्या शतकात केपला आलेल्या डच वसाहतवाल्यांची बोली, तिथले मूळ खोई लोक आणि भारत, इंडोनेशिया, मादागास्कर येथून धरून आणलेले गुलाम, या सगळ्यांच्या तोंडी घडत गेलेली ही भाषा. प्रतिष्ठित मंडळी तिला 'स्वयंपाकघरातील भाषा' म्हणून हिणवीत. चर्चमध्ये, न्यायालयात आणि छापील पानावर मान होता तो शुद्ध डचला.

गंमत अशी, की आफ्रिकान्सच्या या खंद्या पुरस्कर्त्याने लिहिलेल्या चित्रपटाच्या नावातही आफ्रिकान्स नाही. 'द' हे डच उपपद. आफ्रिकान्समध्ये तेथे 'दी' हवे. पडद्यावरील पाट्या इंग्रजी आणि डच अशा दोन भाषांत होत्या. ज्या भाषेसाठी एवढा अट्टाहास, ती पडद्यावर अजून उमटतच नव्हती. आफ्रिकान्सला राजभाषेचा दर्जा मिळाला १९२५ मध्ये आणि संपूर्ण बायबल तिच्यात आले १९३३ मध्ये. म्हणजे या भाषेची पटकथा आणि या भाषेची प्रतिष्ठा ही दोन्ही कामे जवळपास एकाच वेळी, पुष्कळदा एकाच माणसांच्या हातून चालली होती. आरंभीच्या आफ्रिकान्स चित्रपटलेखनाचे बळही यातच आहे आणि व्यंगही.

लेखणी एकाची, थैली दुसऱ्याची

मूकपटाची पटकथा म्हणजे आजच्या अर्थाने संवादांची वही नव्हे. दृश्यांचा क्रम, प्रत्येक दृश्यात काय घडते याचे वर्णन आणि मधूनमधून दाखवायच्या पाट्यांचा मजकूर, एवढाच तिचा संसार. पाटीवर दोन भाषा आल्या की शब्दांना जागा निम्मीच उरते. त्यामुळे सांगायचे ते चित्रातूनच सांगावे लागे. या बाबतीत प्रेलर मुळीच नवखे नव्हते. बोअर नेता पीट रेटीफ याचे त्यांनी लिहिलेले चरित्र १९०६ पासून लोकप्रिय झाले होते आणि स्थलांतरितांच्या आठवणी व रोजनिशा गोळा करण्याचा त्यांना ध्यासच होता. या सामग्रीचे 'फूर्ट्रेकरमेन्स' हे खंड पुढे प्रसिद्ध झाले. दक्षिण आफ्रिकेतील अभ्यासक इसाबेल हॉफमायर यांनी प्रेलर यांच्या लेखनाचा बारकाईने अभ्यास करून दाखवले आहे, की त्यांचे इतिहासलेखनच मुळात डोळ्यांसमोर चित्र उभे करणारे होते. पोशाख, गाड्यांचा तळ, भांडीकुंडी, बायकांच्या डोक्यावरील टोपडी यांच्या तपशिलांनी ते वाचकाला त्या काळात नेऊन बसवीत. पटकथा लिहिताना त्यांना वेगळे काही करावे लागले नसावे. जे पानावर रंगवले होते तेच पडद्यासाठी मांडायचे होते.

थैली मात्र त्यांची नव्हती. निर्माता होता आय. डब्ल्यू. श्लेसिंगर. अमेरिकेत वाढलेला, विमा व्यवसायात पैसा कमावलेला हा उद्योजक १९१३ पासून दक्षिण आफ्रिकेतील नाट्यगृहे आणि चित्रपटगृहे एका छत्राखाली आणीत होता. १९१५ मध्ये त्याने 'आफ्रिकन फिल्म प्रॉडक्शन्स' ही कंपनी काढली आणि जोहान्सबर्गच्या किलार्नी भागात स्टुडिओ उभारला. दिग्दर्शक हॅरॉल्ड शॉ हाही अमेरिकनच. बोअरांचा इतिहास सांगणारा लेखक आफ्रिकानर आणि बाकी सारा कारखाना परका, अशी ही जोडणी होती. श्लेसिंगरला चित्रपट दोन्ही गोऱ्या समाजांना विकायचा होता. त्यातच १९१४ मध्ये, पहिल्या महायुद्धात ब्रिटनच्या बाजूने उतरायच्या निर्णयाविरुद्ध बोअरांच्या एका गटाने बंड केले होते आणि ती जखम ओली होती. अशा वेळी ब्रिटिशांना खलनायक करणे परवडणारे नव्हते.

मग खलनायक कोठून आणायचा? पटकथेने त्यावर जी तोड काढली ती लेखनाच्या दृष्टीने मोठी बोलकी आहे. झुलू राजा डिंगान याचे कान फुंकणारे दोन पोर्तुगीज व्यापारी कथेत घालण्यात आले. ६ फेब्रुवारी १८३८ रोजी डिंगानच्या भेटीला गेलेल्या रेटीफची आणि त्याच्या साथीदारांची हत्या झाली, हा इतिहास. तिच्यामागची चिथावणी मात्र या परक्या व्यापाऱ्यांच्या माथी मारल्याने इंग्रज नामानिराळे राहिले. उलट टोकाला सोबुझा हे पात्र उभे केले गेले. हा ख्रिस्ती झालेला, बोअरांशी निष्ठावंत राहिलेला झुलू. अखेरीस डिंगानला ठार मारतो तोच. वास्तवात डिंगानचा शेवट १८४० मध्ये, पराभवानंतर परागंदा अवस्थेत झाला. पोशाखाच्या बटणापर्यंत अचूकतेचा हट्ट धरणाऱ्या चित्रपटाने कथेच्या कळसाला असे सरळ सरळ स्वातंत्र्य घ्यावे, यातच सारे आले. अचूकता तपशिलात होती; अर्थ मात्र आधीच ठरलेला होता. चांगला काळा कोण आणि वाईट काळा कोण, याचा निवाडा पटकथा देऊन मोकळी होते आणि तो निवाडा कोणत्या दृष्टीने झाला हे सांगण्याची गरज नाही.

ज्यांच्याविषयी हा निवाडा होता त्यांना बोलायला वाव नव्हताच. झुलू योद्ध्यांच्या भूमिकेसाठी खाणींतील मजूर आणले गेले होते. रक्तनदीच्या लढाईचे चित्रण चालू असताना लुटुपुटूची चकमक खऱ्या हाणामारीवर गेली, माणसे जखमी झाली आणि पोलिसांना मध्ये पडावे लागले. पटकथेत न लिहिलेला असा हा या चित्रपटातील एकच प्रसंग असावा.

बोलपट आला, पण बोलायचे काय?

१९३१ मध्ये दक्षिण आफ्रिकेचा पहिला बोलपट आला आणि तो आफ्रिकान्समध्ये होता. नाव 'सारी मॅरे', दिग्दर्शक जोसेफ अल्ब्रेख्त, लांबी जेमतेम दहा मिनिटे, निर्मिती पुन्हा श्लेसिंगरच्याच कंपनीची. ब्रिटिशांच्या युद्धकैद्यांच्या छावणीत काही बोअर कैदी बसले आहेत, त्यांतील एक जण 'सारी मॅरे' हे सर्वांना ठाऊक असलेले गाणे म्हणू लागतो आणि हळूहळू सगळी छावणी त्यात सूर मिसळते. कथा एवढीच. हे लेखन आहे की नाही, असा प्रश्न पडू शकतो. पण दहा मिनिटांत प्रेक्षकाच्या डोळ्यांत पाणी आणायचे असेल, तर आधीच त्याच्या काळजात असलेले काहीतरी उचलावे, हा हिशेब पक्का होता. त्या गाण्याची चालही मूळची एका अमेरिकन गीताची, असे सांगितले जाते. प्रेक्षकांच्या लेखी मात्र ते अस्सल आपल्या मातीतले होते.

या प्रसंगाचा महाराष्ट्राशीही एक धागा जुळतो. १८९९ ते १९०२ च्या अँग्लो-बोअर युद्धात पकडलेल्या हजारो बोअरांना ब्रिटिशांनी सेंट हेलेना, सिलोन, बर्म्युडा आणि हिंदुस्थानात पाठवले. हिंदुस्थानात आलेल्यांची संख्या सुमारे नऊ हजार होती आणि त्यांच्या छावण्यांपैकी एक होती अहमदनगरला, म्हणजे आजच्या अहिल्यानगरला. पुढे ज्या किल्ल्यात नेहरू आणि त्यांचे सहकारी स्थानबद्ध होते, त्याने त्याआधी हे गोरे कैदीही पाहिले होते. १९३१ मध्ये 'सारी मॅरे' पाहणाऱ्या अनेक घरांत समुद्रापलीकडच्या अशा छावण्यांतून परतलेला एखादा आजोबा वा काका असणारच. पडद्यावरील कैद्याला फारसे संवाद नसूनही चालले, त्याचे कारण हे.

त्याच वर्षी अल्ब्रेख्त यांनी 'मूडर्की' म्हणजे 'माउली' हा दुसरा बोलपट केला. येथे प्रथमच पटकथेला एका साहित्यकृतीचा आधार मिळाला. यान ग्रॉसकॉप्फ यांच्या 'इन दी वाखकामर' या एकांकिकेवर तो बेतलेला होता. नावाचा अर्थ 'प्रतीक्षालयात'. एकांकिका निवडण्यामागे व्यवहारही होता. ध्वनिमुद्रणाची यंत्रे बोजड, पैसा तोकडा, आणि आफ्रिकान्समध्ये सफाईने बोलू शकणारे नट मिळायचे ते फिरत्या नाटक मंडळ्यांतच. एक खोली, थोडी पात्रे, घोटलेले संवाद. एकांकिकेत हे सगळे तयार होते. पण निवडीची दुसरी बाजू अधिक महत्त्वाची आहे. ग्रॉसकॉप्फ हे नाटककार असले तरी पेशाने अर्थशास्त्राचे प्राध्यापक होते. खेड्यांतून उखडल्या गेलेल्या दरिद्री गोऱ्यांची पाहणी करणाऱ्या कार्नेगी आयोगाचा अहवाल १९३२ मध्ये पाच खंडांत प्रसिद्ध झाला, त्यातील पहिला खंड त्यांनीच लिहिला. विषय होता ग्रामीण दारिद्र्य आणि खेड्यांतून होणारे स्थलांतर. जो माणूस शेतीतून शहराकडे वाहणाऱ्या या लोंढ्यांची आकडेवारी मांडत होता, त्याच्याच एकांकिकेत रेल्वेचे प्रतीक्षालय यावे हा काही निव्वळ योगायोग म्हणता येणार नाही. बैलगाडीत बसून नवी भूमी जिंकणारा बोअर प्रेलर यांनी रंगवला होता. ग्रॉसकॉप्फ यांनी त्याच्या नातवंडांना आगगाडीची वाट पाहत बाकावर बसवले. आरंभीच्या साऱ्या आफ्रिकान्स पटकथांत वर्तमानाचा एवढा थेट स्पर्श क्वचितच दिसतो.

हा धागा पुढे कोणी नेटाने उचलला असता, तर या चित्रपटसृष्टीची वाट कदाचित वेगळी झाली असती. तसे घडले नाही. त्याच १९३१ सालच्या सेन्सॉर कायद्याने पडद्यावर काय येऊ नये याची जंत्री बांधून दिली. गोऱ्या-काळ्यांची मिसळ दाखवणे हे त्या जंत्रीतील एक कलम होते. आणि १९३८ मध्ये बोअर स्थलांतराची शताब्दी आली, तेव्हा पैसा आणि उत्साह दोन्ही पुन्हा बैलगाडीकडेच वळले. सरकारच्या पाठिंब्याने 'दी बाऊ फान न नासी' म्हणजे 'राष्ट्राची उभारणी' हा भव्य चित्रपट तयार झाला. दिग्दर्शक अल्ब्रेख्त आणि इतिहासाच्या मांडणीसाठी पुन्हा प्रेलर. इंग्रजी आवृत्तीही निघाली. बावीस वर्षांत पटकथेचे तंत्र मूकपटातून बोलपटात आले होते. दृष्टी मात्र होती तेथेच होती. एक फरक पडला. आता आफ्रिकान्स भाषा प्रत्यक्ष ऐकू येत होती. प्रेलर यांनी १९०५ मध्ये मागितलेले तेवढे पडद्यावर मिळाले. १९४३ मध्ये ते निवर्तले.

कर्त्यांना हवे ते आणि प्रेक्षकांना हवे ते

श्लेसिंगरच्या कंपनीवर आणि हॉलिवूडच्या चित्रपटांवर अवलंबून राहणे कडव्या राष्ट्रवाद्यांना सलत होते. १९४० मध्ये हान्स रॉम्पेल या चित्रपटसमीक्षकाच्या पुढाकाराने हौशी आफ्रिकान्स चित्रपटांसाठी एक संघटना स्थापन झाली. 'रारो' हे तिचे आद्याक्षरांचे नाव. अमेरिकन चित्रपट आपल्या तरुणांना बिघडवतात, चित्रपटाने समाजाची सेवा केली पाहिजे, असे प्रतिपादन करणारे रॉम्पेल यांचे पुस्तक १९४२ मध्ये प्रसिद्ध झाले. समाज म्हणजे अर्थातच त्यांच्या व्याख्येतला. हेतू कितीही ज्वलंत असला तरी त्यातून गोष्ट सांगणारे लेखक निर्माण झाले नाहीत. शताब्दीच्या बैलगाडी यात्रेचे चित्रण, चर्चच्या कार्याचे चित्रण, शिकवणुकीचे लघुपट अशा वाटांनी ही धडपड बहुतांशी माहितीपटांकडे गेली. १९४७ मध्ये चर्चनेही स्वतःची चित्रपट संस्था काढली. उपदेशाला पटकथा लागत नाही, भाषण पुरते. ही अडचण त्या मंडळींच्या ध्यानात आलेली दिसत नाही.

ती आली पिएर द वेट यांच्या. १९४६ मध्ये त्यांचे 'पिंकी से एर्फनिस' (पिंकीचा वारसा) आणि 'खेबूर्तेखरॉन्ड' (जन्मभूमी) हे कथापट आले. दोन्ही नावांत वारसा आणि माती आहे, म्हणजे सूर जुनाच. पण द वेट यांनी लवकरच ओळखले, की आठवडाभर राबून शनिवारी तिकीट काढणाऱ्या माणसाला इतिहासाचा तास नको आहे. १९४८ मध्ये त्यांनी 'दी कास्कनाडेस फान डॉक्टर क्वाक' काढला. डॉक्टर क्वाकच्या उचापती, असा त्याचा अर्थ. आल डेबो हा विनोदी नट त्यातून घराघरांत पोहोचला आणि १९४९ च्या 'कोम साम फानाफ्ट' म्हणजे 'आज रात्री चला' या संगीत विनोदपटाने ती लोकप्रियता पक्की केली. आफ्रिकानर राष्ट्रवादाचा पक्ष सत्तेवर आला आणि वर्णभेदाला कायद्याची चौकट मिळू लागली ते वर्षही १९४८ हेच. राष्ट्र आपल्या हाती आले म्हणून सभांमधून गर्जना होत होत्या, तेव्हा चित्रपटगृहात तोच समाज एका वैदूच्या फजितीवर पोट धरून हसत होता. इतिहासकारांनी या हसण्याकडे जरा अधिक लक्ष द्यायला हवे होते.

भाषेच्या दृष्टीने पाहिले तर या हलक्याफुलक्या चित्रपटांनी एक मोलाचे काम केले. प्रेलर वा अल्ब्रेख्त यांच्या चित्रपटांत पात्रे बोलत ती व्यासपीठावरची भाषा. फिरत्या नाटक मंडळ्यांतून आलेल्या नटांचे उच्चारही तसेच घोटीव. विनोदाला ते चालत नाही. विनोदासाठी अडखळणे लागते, वऱ्हांड्यातील गप्पांची लय लागते, शेजाऱ्याची नक्कल लागते. 'स्वयंपाकघरातील भाषा' म्हणून ज्या बोलीला हिणवले गेले, ती प्रतिष्ठेचे कपडे उतरवून पुन्हा आपल्या स्वयंपाकघरात शिरली ती या चित्रपटांतून.

जेमी ऑइस यांनी हे आणखी पुढे नेले. हे गृहस्थ पूर्वी गणिताचे शिक्षक होते. पुढे शेती आणि दुकानदारी केली आणि पत्नी हेटी यांच्या साथीने अगदी तुटपुंज्या साधनांवर 'डार डूर इन दी बॉसफेल्ड' म्हणजे 'तिकडे दूर रानात' हा चित्रपट १९५१ मध्ये पुरा केला. लेखक तेच, दिग्दर्शक तेच आणि प्रमुख नटही तेच. कोणा संस्थेची आज्ञा नाही, इतिहासाचा सल्लागार नाही. १९५३ च्या त्यांच्या 'फिफ्टी-फेफ्टिख' या चित्रपटाचे नावच अर्धे इंग्रजी आणि अर्धे आफ्रिकान्स आहे. दोन भाषा बोलणारे गोरे शेजारी एकमेकांना कसे समजतात आणि कसे समजत नाहीत, यावर त्यांनी संवाद खेळवले. १९१६ च्या पाट्यांवर दोन भाषा एकमेकींशेजारी निमूट बसल्या होत्या. येथे त्या एकमेकींच्या पायांत पाय घालू लागल्या. पुढे १९८० मध्ये 'द गॉड्स मस्ट बी क्रेझी' हा जगभर गाजलेला विनोदपट काढणारे जेमी ऑइस ते हेच.

१९५६ मध्ये सरकारने तिकीटविक्रीशी जोडलेले अनुदान सुरू केले आणि चित्रपटांचा ओघ वाढला. त्यासोबत साचेही पक्के झाले: साधी शेतकरी मुलगी, शहरी फसवा तरुण, शेवटी शेतावर परतणे. चालणारा साचा मोडण्यात लेखकाला काहीच लाभ नव्हता, कारण अनुदान गर्दीच्या मागे जात होते.

या साऱ्या चित्रपटांतून जे कधी बोललेच नाहीत, त्यांचा हिशेब बाकी राहतो. आफ्रिकान्स ही आज मातृभाषा म्हणून बोलणाऱ्यांत बहुसंख्य लोक गोरे नाहीत. केपमधील मिश्रवंशीय समाजाची ती पिढ्यान्पिढ्यांची भाषा आहे. तिच्यातील काही जुने लेखन तर अरबी लिपीत, केपमधील मुसलमानांच्या मदरशांतून झाले आहे. भाषेसाठी वकिली करणाऱ्या पटकथांनी या भाषकांना अशिलांच्या यादीतच घेतले नाही. ते आले तर नोकर म्हणून, गाणे म्हणणारा म्हणून, किंवा मालकाशी निष्ठावंत राहणारा सोबुझा म्हणून.

१९६८ मध्ये यान्स राउटेनबाख यांचा 'दी कांडिडाट' म्हणजे 'उमेदवार' हा चित्रपट आला. एमिल नोफाल यांच्या साथीने त्यांनी तो लिहिला होता. त्यात बैलगाड्या नाहीत, लढाई नाही, शेतही नाही. एका आफ्रिकानर प्रतिष्ठानच्या नव्या प्रमुखाची निवड करायला मंडळ जमते आणि उमेदवार खरा आफ्रिकानर आहे की नाही, यावर बोलणे सुरू होते. खरा आफ्रिकानर म्हणजे कोण? इंग्रजी बोलणारा गोरा त्यात बसतो का? आफ्रिकान्स बोलणारा मिश्रवंशीय बसतो का? प्रेलर यांच्यापासून बावन्न वर्षे जे प्रत्येक पटकथेने गृहीत धरले होते, ते प्रथमच पडद्यावर संवादांत प्रश्न म्हणून विचारले गेले. सेन्सॉरने चित्रपटाला कात्री लावली ती नेमकी याच चर्चेत.